पन्नाशीनंतर पूर्णवेळ अभिनय : खानदेशात राहून जमेल का?

तापीकाठ (धागाकर्ती)

नमस्कार मंडळी. बरीच वर्षं वाचनमात्र होते, आज पहिल्यांदाच धागा काढतेय.

मी जळगाव जिल्ह्यातल्या एका तालुक्याच्या गावी सरकारी दवाखान्यात अधिपरिचारिका आहे. पन्नाशी ओलांडली, सेवेला पंचवीसच्या वर वर्षं झाली. लेक पुण्यात नोकरीला आहे, मुलगा इंजिनिअरिंगच्या शेवटच्या वर्षाला. घराचं कर्ज फिटलं. मिस्टरांचं कृषी केंद्र आहे.

नाटकाचं वेड उशिराच लागलं. १२ मेच्या परिचारिका दिनाला आम्ही दवाखान्यात छोटी नाटिका बसवली होती. ती बघून जळगावच्या एका हौशी संस्थेच्या दिग्दर्शकांनी राज्य नाट्य स्पर्धेच्या नाटकात आईचं काम दिलं. तेव्हापासून स्पर्धेचे दिवस आले की रात्रपाळ्या बदलून घेते आणि एसटीने तालमीला जाते. शेवटची गाडी चुकली तर मैत्रिणीकडे मुक्काम.

एका नाटकात माझ्या पात्राला मुलगा गेल्याचं कळतं. ती बाई रडत नाही, दारातल्या चपला जोडीने लावत बसते. तालमीत ते मीच सुचवलं होतं. वॉर्डात मी हेच पाहत आलेय. वाईट बातमी कानावर पडली की माणसं लगेच रडत नाहीत. पिशवीतला डबा काढतात, परत ठेवतात. पदराची गाठ सोडतात, बांधतात. 'सुट्टीचा कागद कुठे मिळंल' असं विचारतात. रडणं पुष्कळ नंतर येतं. हे मला करून दाखवता येतं, याची आता खात्री वाटते.

हौस चालूच आहे आणि चालूच राहील. पण आता मला हे पोटापाण्याचं काम म्हणून करायचंय. मालिका, सिनेमा, व्यावसायिक नाटक, जाहिरात, जे मिळेल ते. निवृत्तीला अजून सहा-सात वर्षं आहेत. तोवर थांबू की स्वेच्छानिवृत्ती घेऊ? माझ्या वयाच्या बाईला काम मिळतं का? मिळालं तर त्यावर घर चालतं का? मुंबईत जाऊन राहावंच लागतं का? कोणी हा रस्ता चाललं असेल तर कृपया सविस्तर लिहा.

सातपुडा

ताई, आधी मनापासून शुभेच्छा. चपला लावण्याचा प्रसंग वाचूनच कळलं की तुम्हाला काम समजलंय.

वयाचं मनावर घेऊ नका. डॉ. श्रीराम लागू कान-नाक-घशाचे सर्जन होते, १९६९ साली बेचाळिशीत डॉक्टरकी सोडून पूर्णवेळ नट झाले आणि पुढच्याच वर्षी 'नटसम्राट' उभं केलं. अमरीश पुरी कितीतरी वर्षं कर्मचारी राज्य विमा महामंडळात नोकरी करत होते. लखनौच्या फर्रुख जाफर आकाशवाणीवर निवेदिका होत्या, त्यांना फिल्मफेअर मिळालं तेव्हा वय नव्वदीला टेकलं होतं. बिनधास्त उडी मारा!

अमळनेरी

सातपुडा, उदाहरणं छान आहेत, पण 'उडी मारा' हे मला पटत नाही. डॉ. लागूंनी बेचाळिशीत अभिनय सुरू केला नव्हता. डॉक्टरकीवर पाणी त्यांनी तेव्हा सोडलं. नाटक ते मेडिकल कॉलेजात असल्यापासून करत होते, पुण्यात पीडीए (प्रोग्रेसिव्ह ड्रॅमॅटिक असोसिएशन) या नाट्यसंस्थेत तालमी करत होते. आफ्रिकेत डॉक्टरकी केली तो काळ धरूनसुद्धा त्यांच्या मागे दोन दशकांचं नाटक होतं. अमरीश पुरींचंही तसंच, नोकरी सांभाळून दिग्दर्शक सत्यदेव दुबेंकडे नाटकं चालू होती. व्यवसाय बदलला तो उशिरा. रियाझ त्याच्या कितीतरी आधीचा.

म्हणून ताई, तुमची हौशी रंगभूमीची वर्षं कमी लेखू नका. आणि ती आणखी थोडी वाढवा. स्पर्धेतलं एकच नाटक वर्षभर पुरवू नका. एकांकिका करा, अभिवाचन करा. दिग्दर्शक बदलून बघा. दरवर्षी आईचंच काम येत असेल तर भांडून वेगळं काम मागून घ्या. खाष्ट बाई, लाच खाणारी बाई, विनोदी बाई. मुंबईत तुमच्या वाट्याला आधी आईच येणार आहे, इथे तरी दुसरं करून घ्या.

चोपडा_फाटा

माझं मत सरळ आहे. सरकारी नोकरी सोडू नका. जुनी पेन्शन असलेली नोकरी आजच्या काळात कोणाला मिळते? मुलाचं शिक्षण अजून संपलेलं नाही. नाटक शनिवार-रविवारी करता येतं. या वयात ऑडिशनच्या रांगेत विशीतल्या पोरींबरोबर उभं राहणं घरच्यांना तरी आवडेल का, याचा विचार करा. राग मानू नका.

कानबाईची_लेक

राग मानते. 'घरच्यांना आवडेल का' हा प्रश्न बँकेतून निवृत्त होऊन नाटक करणाऱ्या पुरुषाला कोणी विचारलेला मी ऐकला नाही.

आपल्याकडे बाईने रंग लावला की अजून नाक मुरडतात. आणि त्याच गावात कानबाई देवीच्या उत्सवाच्या रात्री साठीच्या बाया सोंगं घेऊन पहाटेपर्यंत नाचतात, सगळी गल्ली बघायला येते, तेव्हा कोणाला काही वाटत नाही. वहीगायन, सोंगाड्या पार्ट्या, जत्रेतले तमाशे हे आपल्याच मातीतलं आहे. खानदेशाला अभिनय नवा नाही. बाईने त्याचे पैसे घेणं तेवढं नवं वाटतं. ताईंनी घ्यावेत.

धुळ्याचे_अण्णा

ताई, तुमचा धागा मला मुलाने पाठवला. मी राष्ट्रीयीकृत बँकेतून निवृत्त झालो आणि गेली काही वर्षं मालिका, जाहिराती आणि अधूनमधून सिनेमात कामं करतोय. घर धुळ्यातच आहे. तेव्हा सविस्तर लिहितो, लांबलं तर सांभाळून घ्या.

आधी पैशाचं, कारण ते कोणी नीट सांगत नाही. मालिकेत आपल्याला पर डे पैसे ठरतात. शिफ्ट बारा तासांची. नवीन माणसाने ठरवताना विचारायचं की प्रवास, राहणं, जेवण कोणाकडे? आकड्यात ते धरलेलं असेल तर धुळ्याहून जाऊन-येऊन हातात फार काही उरत नाही. आणि पैसे काम संपल्यावर मिळत नाहीत. नव्वद दिवसांनी मिळण्याची पद्धत आहे, तेही बिल वेळेवर दिलं तर. दहा टक्के टीडीएस कापून येतो, तो विवरणपत्र भरून जुळवायचा. व्यावसायिक नाटकात 'नाइट' मिळते, म्हणजे प्रयोगागणिक मानधन. प्रयोग लागले तर पैसे, नाही लागले तर नाहीत. महिन्याला किती येतात असं मला आजही सांगता येत नाही. घर पेन्शनवर चालतं, अभिनयाचे पैसे वर येतात. ज्याचं घर आधीच चालतंय त्यालाच या वयात हा धंदा झेपतो, असं माझं अनुभवाचं मत आहे.

कामं कोणती मिळतात? आपल्या वयाला मागणी आहे, हे खरं. प्रत्येक मालिकेला दोन आया, दोन बाप, एखादा आजा, सरपंच, हेडमास्तर, डॉक्टर लागतोच. पण मोठी कामं ओळखीच्या चेहऱ्यांकडे जातात आणि आपल्याला दोन-तीन दिवसांची येतात. माझं पहिलं काम पंचायतीत बसलेल्या माणसाचं होतं, वाक्य एकच. सकाळी सातचा कॉल टाइम, वाक्य संध्याकाळी झालं. मध्ये दिवसभर खुर्ची आणि चहा. हे ज्याला जमत नाही त्याने या वाटेला जाऊ नये. तुम्ही रात्रपाळ्या केल्यात, तुम्हाला जमेल.

आता कॅमेऱ्याचं. आपण शेवटच्या रांगेला ऐकू जाईल असं बोलायला शिकतो. राजर्षी शाहू नाट्यमंदिरात आवाज टाकायची सवय असलेला माणूस कॅमेऱ्यासमोर ओरडल्यासारखा वाटतो. समोरचा माणूस दोन हातांवर आहे, त्याच्यापुरतंच बोलायचं. चेहऱ्याचंही तेच, भुवया जागेवर ठेवायच्या. दुसरी गोष्ट कंटिन्युइटी, म्हणजे प्रत्येक शॉटमध्ये हालचाल तीच राहणं. एकच प्रवेश आधी मास्टरमध्ये, म्हणजे सगळे दिसतील अशा लांबच्या शॉटमध्ये होतो, मग एकेकाचे जवळचे क्लोज होतात. 'तिचं लग्न ठरलंय' म्हणताना तुम्ही 'ठरलंय'वर कप खाली ठेवला असेल, तर पुढच्या प्रत्येक शॉटला कप तिथेच खाली गेला पाहिजे, त्याच हाताने. माझा मुलगा मोबाइल लावायचा आणि मी स्वयंपाकघरात बसून एकच संवाद चहा पीत पुन्हा पुन्हा म्हणायचो. नाटकात ही शिस्त कोणी लावत नाही.

आणि तुमची नोकरी हेच तुमचं भांडवल. मला एकदा सावकाराचं काम होतं, नोटा मोजायच्या होत्या. मी गड्डी डाव्या हाताच्या बोटांत दुमडून, अंगठ्याने कोपरे सोडत, काउंटरवर आयुष्यभर मोजल्या तशा मोजल्या. कॅमेरामनने काम थांबवलं आणि नुसत्या हातांचा वेगळा शॉट घेतला. दिग्दर्शक नंतर म्हणाले, असं शिकवून येत नाही. तुमचे हात तर शीर शोधणारे हात आहेत. पडद्यावरच्या नर्सेस इंजेक्शन कसं धरतात ते तुम्ही पाहिलंच असेल.

मुंबईत घर घेऊ नका, भाड्यानेही नको. जळगाव-भुसावळहून रात्रीच्या गाडीने सकाळी ठाणे-दादर गाठता येतं. हल्ली शूटिंग नाशिकलाही होतं, सातारा-वाईकडेही होतं. ऑडिशन बव्हंशी मोबाइलवर करून पाठवायची असते. माणूस खानदेशात राहून काम करू शकतो, फक्त फोन आला की दुसऱ्या दिवशी हजर राहता आलं पाहिजे. खरा पेच इथे आहे. नोकरीत तुम्हाला अशी रजा मिळेल का?

तापीकाठ

अण्णा, शब्द नाहीत. प्रिंट काढून ठेवते. रजेचं तुम्ही बरोबर ओळखलंत. आमच्याकडे आधीच माणसं कमी, मी ऐनवेळी रजा टाकली की दुसरीवर डबल ड्यूटी पडते. ते मला करायचं नाही. पेशंट आणि मैत्रिणींच्या जिवावर मला नटी व्हायचं नाही.

चोपडा_फाटा, राग नाही. मिस्टर पहिल्यांदा हेच म्हणाले होते. मग प्रयोग बघायला आले, घरी येईपर्यंत गाडीत एक शब्द बोलले नाहीत, आणि दुसऱ्या दिवशी त्यांनीच विचारलं की स्वेच्छानिवृत्तीचे नियम काय आहेत.

आस्थापना_लिपिक

नियमाचं मी सांगतो, रोजचं कामच आहे.

ताईंची सेवा १ नोव्हेंबर २००५ च्या आधीची, म्हणजे जुनी पेन्शन लागू. महाराष्ट्र नागरी सेवा (निवृत्तिवेतन) नियम १९८२ प्रमाणे २० वर्षं अर्हताकारी (पेन्शनसाठी धरली जाणारी) सेवा झाली की तीन महिन्यांची नोटीस देऊन स्वेच्छानिवृत्ती मागता येते. नोटीस देण्याआधी सेवापुस्तक स्वतः बसून वाचा. खंडित सेवा, बिनपगारी रजा, वेतनपडताळणीचे शेरे, नॉमिनेशन, सगळं. त्रुटी असेल तर पेन्शन केस महालेखापालांकडून परत येते आणि महिनोन् महिने हात रिकामे राहतात. चौकशी किंवा वसुली प्रलंबित नाही ना, तेही बघा.

दुसरं म्हणजे नोकरीत असताना मोबदला घेऊन काम करणं. वर्तणूक नियम १९७९ मध्ये अधूनमधूनच्या कलाविषयक कामाला जागा आहे, पण पैसे घेऊन मालिका करायची तर आधी लेखी परवानगी काढा. तोंडी 'करा हो ताई' म्हणणारे साहेब बदलून जातात.

शहादेकर

मी मूळ शहाद्याचा, मुंबईत कास्टिंगमध्ये, म्हणजे भूमिकांसाठी नट निवडण्याच्या कामात, सहायक आहे. अण्णांनी बहुतेक सांगितलंय, माझ्याकडून थोडी भर.

फोटो स्टुडिओतले नकोत. खिडकीच्या उजेडात, मेकअप न करता, साधी साडी, केस रोजचे. एक हसरा, एक गंभीर, एक पूर्ण उभा. पांढरे केस असतील तर रंगवू नका, आम्हाला पन्नाशीची बाई पन्नाशीचीच दिसलेली हवी असते. परिचयाच्या व्हिडिओत नाव, वय, उंची, गाव, येणाऱ्या भाषा, दोन्ही बाजूंचे प्रोफाइल, बस्स. 'लहानपणापासून आवड' वगैरे कोणी ऐकत नाही. ऑडिशनला मोबाइल आडवा धरा, मागे रिकामी भिंत, समोरच्या पात्राची वाक्यं दुसऱ्या कुणीतरी हळू आवाजात वाचावीत. पंख्याचा आवाज येतो, तो बंद करा.

पैसे मागणाऱ्याला पाठ दाखवा. रजिस्ट्रेशन, कार्ड, पोर्टफोलिओ, 'रोल पक्का करायला डिपॉझिट', कोणत्याही नावाने मागितले तरी. काम देणारा पैसे देतो, घेत नाही. आमच्याच भागातल्या एका निवृत्त गुरुजींकडून त्यांच्या ग्रॅच्युइटीतली मोठी रक्कम 'सहनिर्माता व्हा, मुख्य भूमिका करा' म्हणून काढून घेतली. सिनेमा कधी सुरूच झाला नाही. तुमच्याही हातात निवृत्तीची रक्कम येणार आहे, हे सगळ्यांना कळतं.

बोलण्याबद्दलही सांगायला हवं. आपल्याकडचे लोक ऑडिशनला 'पानी', 'कोनी' म्हणतात आणि तिथेच मागे पडतात. रोज अर्धा तास मोठ्याने वाचा, ण आणि ळ साफ करा.

डोयाले_पानी

शहादेकर भाऊ, हाई काय बरं नही. आपली बोली धुई टाकानी आनि मंग नट व्हवानं?

मालवणी चालते, वऱ्हाडी चालते, कोल्हापुरी तर विचारूच नका. अहिराणी बोलणारी आई मालिकेत का नको? यूट्यूबवर अहिराणी गाणी आणि विनोदी व्हिडिओ लाखो लोक बघतात, म्हणजे बघणारा आहे. ताई तर दवाखान्यात चारी बाजूंची माणसं हाताळतात. यावल-रावेरची लेवा बोली, अमळनेर-पारोळ्याची अहिराणी, सातपुड्यातली पावरी. हे कान मुंबईच्या किती नट्यांकडे आहेत?

शहादेकर

भो, धुवायला सांगितलं नाही. दोन्ही पाहिजेत. प्रमाण मराठी येत नाही म्हणून एकच बोली बोलणारा माणूस एकाच कामाला चालतो. दोन्ही सहज बदलणारा माणूस आम्ही शोधत असतो. ताई, एक छोटा संवाद प्रमाण मराठीत, तोच अहिराणीत आणि तोच लेवा बोलीत, असा एक व्हिडिओ करा. माझ्यासारख्याच्या टेबलावर असा व्हिडिओ क्वचित येतो. पाहणारा लक्षात ठेवेल.

कानबाईची_लेक

बायकांसाठी एक लिहायचं राहिलं. मी चार वर्षं सेटवर वेशभूषेचं काम केलंय. बाहेरगावी शूटिंग असलं की खोली कोणाबरोबर, कपडे बदलायला व्हॅनिटी (मेकअपची गाडी) आहे की नुसता पडदा, रात्री पॅकअपनंतर सोडायला गाडी आहे का, हे आधीच फोनवर विचारा. विचारलं म्हणून काम जात नाही. निर्मिती संस्थेची अंतर्गत तक्रार समिती आहे का, तेही विचारा, २०१३ च्या कायद्याने ती लागते. पन्नाशीच्या बाईला कोण त्रास देणार, असं समजू नका. त्रास देणारा वय बघत नाही. आणि तुम्ही तिथे मोठ्या आहात, नव्या पोरी तुमच्याकडे बघून ठरवतील की इथे तोंड उघडता येतं की नाही.

अमळनेरी

शिकण्याबद्दल कोणी लिहिलं नाही म्हणून. राष्ट्रीय नाट्य विद्यालयाच्या तीन वर्षांच्या अभ्यासक्रमाला तिशीपर्यंतच प्रवेश मिळतो, ते दार आपल्यासाठी नाही. पुण्याच्या एफटीआयआय या सरकारी चित्रपट संस्थेचे छोटे अभ्यासक्रम असतात, कॅमेऱ्यासमोरच्या अभिनयाचेही, त्यांच्या जाहिरातींवर लक्ष ठेवा. नाहीतर जळगावातच हौशी मंडळींकडे कॅमेरा असलेली पोरं आहेत, शॉर्टफिल्म करतात, त्यांना तुमच्या वयाची बाई कधी मिळत नाही. फुकट काम करा, पण तीन-चार चांगल्यांतच. पुढे मात्र फुकट नाही.

चोपडा_फाटा

सगळं वाचलं. माझा मुद्दा पेन्शनचा होता आणि ती बुडत नाही हे लिपिक साहेबांमुळे कळलं. मुलाचं शेवटचं वर्ष संपेपर्यंत तरी थांबा, एवढंच म्हणेन. आणि ताई, आमच्या गणेश मंडळाला दरवर्षी नाटक लागतं. यंदा या. मानधन देऊ.

तापीकाठ

सगळ्यांचे मनापासून आभार. काल रात्री मिस्टरांसमोर बसून पूर्ण धागा वाचला. आमचं असं ठरलंय.

मुलाची शेवटची परीक्षा होईपर्यंत नोकरीत राहायचं. तेवढ्या काळात सेवापुस्तक तपासून घेते, आणि एखादं छोटं काम आलंच तर परवानगीचा अर्ज आधी. त्यानंतर तीन महिन्यांची नोटीस. निवृत्तीची रक्कम बँकेत राहील, तिला अभिनयासाठी हात लावायचा नाही, हे मिस्टरांनी स्वतःच्या हाताने वहीत लिहून ठेवलंय. मुंबईत घर नाही. रोज सकाळी ड्यूटीला जाण्याआधी अर्धा तास मोठ्याने वाचन आजपासून सुरू केलं. शहादेकर दादा, 'ळ' जमतो, 'ण' वेगात बोलताना अजून निसटतो.

एकच ठाम सांगते. नर्सचं काम आलं तर मी ते चुकीचं करणार नाही. हातमोजे न घालता सलाइन लाव म्हटलं तर आधी दिग्दर्शकांना समजावेन. एवढा हट्ट चालेल ना, अण्णा?

धुळ्याचे_अण्णा

चालेल. पण हळू आवाजात आणि तालमीच्या वेळी सांगायचं. कॅमेरा लागल्यावर सेटवर दिग्दर्शकाचाच शब्द शेवटचा. बहुतेक जण ऐकतात, त्यांनाही बरोबरच दाखवायचं असतं.

सातपुडा

ताई, माझा भाचा जळगावला लग्नाचे व्हिडिओ करतो, माइक आणि लाइट आहेत. तीन बोलींच्या व्हिडिओसाठी एक रविवार मोकळा ठेवायला सांगितलंय. पैसे घेणार नाही म्हणतो. संवाद कोण लिहितंय?

डोयाले_पानी

अहिराणीना मी लिखस. लेवा बोलीसाठी फैजपूरकडचं कोणी असेल तर इथेच हात वर करा.